बिरा आप्पांचं बघणं

जुनं फुटेज शोधायचं, तपासायचं आणि सिनेमा करणाऱ्यांच्या हाती द्यायचं, हे माझं काम. प्रत्येक तुकड्याची नोंद तक्त्यात करावी लागते. कुठला आहे, कधीचा आहे, कुणी चित्रित केला, त्यात काय दिसतं. माझ्या तक्त्यात शेवटी एक जादा रकाना असतो. त्यात तीनपैकी एक शेरा असतो : ‘हाय’, ‘आसंल’ किंवा ‘माझं न्हाई’. पुण्याच्या ऑफिसात नवीन आलेली मुलं विचारतात, ही कुठली पद्धत? मी सांगते, वडगाव रासाईची. ती हसतात आणि महिन्याभरात स्वतःही वापरायला लागतात.

पद्धत बिरा आप्पांची. मी शिरूरची. वडील एस.टी. स्टँडसमोर पंक्चर काढतात. घरात पदवीपर्यंत पोचलेली मी पहिली, त्यामुळे ज्यांनी मला काही शिकवलं त्यांची यादी मी मनात जपून ठेवली आहे. शाळेतले दोन मास्तर, कॉलेजातल्या ग्रंथपाल बाई आणि बिरा आप्पा. यादीत शाळेत न गेलेले ते एकटेच. त्यांना सही करता येत होती, पण ते अंगठाच देत. सही कुणीही काढील, असं त्यांचं म्हणणं होतं.

आमच्या मॅडम, म्हणजे दिग्दर्शिका, भीमाकाठच्या मेंढपाळांवर एक मोठा माहितीपट करत होत्या. पूर्वी मेंढरं घेऊन फिरणारी घरं गावात कशी स्थिरावली, शेती कशी करू लागली, असा विषय. अडचण एवढीच होती की आता मेंढरं घेऊन चालणारं त्या भागात जवळजवळ कुणी उरलेलं नव्हतं. ज्यांच्या आज्याकडे दोनशे मेंढरं होती त्यांच्याकडे आता ऊस आणि ट्रॅक्टर होता. म्हणून निम्मा सिनेमा जुन्या फुटेजवर उभा राहणार होता. ते ठिकठिकाणच्या डब्यांतून येत होतं आणि डब्यांवर ‘ग्रामीण जीवन’ एवढंच लिहिलेलं असायचं. त्यातलं भीमाकाठचं कुठलं, हे शोधायचं काम माझ्याकडे होतं.

मी लॅपटॉप घेऊन वडगाव रासाईला गेले. ग्रामपंचायतीच्या टीव्हीला तो जोडला. वीसेक माणसं जमली. पहिल्या तुकड्यात नदीकाठी उभा असलेला पटकेवाला माणूस होता.

‘‘हे आमचं आजोबा,’’ माजी उपसरपंच म्हणाले.

‘‘तुमचं कुठलं? हे आमच्या भावकीतलं बापूकाका,’’ दुसरे म्हणाले.

दहा मिनिटांत तो माणूस चार घरांचा आजोबा झाला. मग सोसायटी पहिल्यांदा कुणाच्या आजोबांनी काढली यावर बोलणं गेलं आणि टीव्हीकडे कुणी बघेना. मी चारही नावं लिहून घेतली.

कोपऱ्यात भिंतीला टेकून एक वाळलेले म्हातारे बसले होते. मांडीवर घोंगडी. ते म्हणाले, ‘‘ती मान्सं बाजूला घे, पोरी. मागचं कायच दिसंना.’’

मी म्हटलं, ‘‘आप्पा, टीव्हीतली माणसं बाजूला घेता येत नाहीत.’’

‘‘मग मेंढरं यीस्तवर थांबतो.’’

ते सात तुकडे थांबले. आठव्यात मेंढरं आली. ते उठून टीव्हीसमोर उकिडवे बसले. ‘‘थांबीव,’’ म्हणाले. मी थांबवलं. त्यांनी बराच वेळ बघितलं.

‘‘ह्येच्यावर काय लिवलंय?’’

‘‘उन्हाळा, असं लिहिलंय.’’

‘‘न्हाई. कातरून म्हैना झालाय. पायाला चिखूल हाय. पाऊस सरतानाचं हाय ह्ये.’’

‘‘आणि गाव कुठलं?’’

‘‘माझं न्हाई.’’

मला वाटलं, मेंढरं त्यांची नाहीत असं ते सांगताहेत. उपसरपंचांनी समजावलं. आप्पा ‘माझं न्हाई’ म्हणाले की त्या गोष्टीची हमी ते घेत नाहीत, असा अर्थ. स्वतः पाहिलेलं, पक्कं ठाऊक असलेलं, त्याला ते ‘हाय’ म्हणत. खुणा जुळतात पण डोळ्यानं पाहिलेलं नाही, ते ‘आसंल’. बाकी सगळं जग ‘माझं न्हाई’. पुढच्या महिन्यात त्या तुकड्याच्या कॅमेरामनची जुनी वही त्याच्या घरच्यांकडून मिळाली. त्यात गणपती झाल्यावरची तारीख होती. मी मॅडमना वही दाखवली आणि आप्पांबद्दल सांगितलं. मॅडम म्हणाल्या, ‘‘त्यांना इथं घेऊन ये.’’

अशा रीतीने बिरा आप्पा आमचे सल्लागार झाले. आठवड्यातून दोनदा ते गावाहून केडगाव स्टेशनला यायचे आणि शटल गाडीने पुण्याला. कामाच्या वेळेआधी दीड तास स्टुडिओच्या जिन्यावर येऊन बसलेले असायचे. एवढ्या लवकर का, असं विचारलं तर म्हणायचे, ‘‘आदल्या गाडीनं आलो म्हंजी उशीर व्हत न्हाई.’’

एडिटर निखिलने पहिल्या दिवशी त्यांना चाकांची खुर्ची दिली. आप्पा बसले, खुर्ची सरकली, आप्पा उठले. ‘‘ही चालती,’’ ते म्हणाले आणि जमिनीवर घोंगडी टाकून बसले. एसी होता, त्यामुळे काही दिवसांनी निखिलही घोंगडीचं टोक पायावर ओढून घेऊ लागला. आप्पा आवाज बंद करायला लावत. आमच्या संगीतकाराने मेंढरांच्या दृश्यावर फार मेहनतीने बासरी टाकली होती. आप्पा म्हणाले, ‘‘ह्ये वाजतंय तवर मोजता येत न्हाई.’’

ते मोजायचे. प्रत्येक तुकड्यात मेंढरं किती ते आधी मोजायचं आणि मगच बोलायचं, हा नेम. एकदा निखिलने एक दृश्य दोन ठिकाणी वापरलं. दुसऱ्या ठिकाणी त्याचा वेग कमी केला होता, रंगही बदलला होता. आमच्यापैकी कुणाच्या लक्षात आलं नव्हतं.

‘‘ही मघाशीच गेली की,’’ आप्पा म्हणाले.

‘‘ही वेगळी आहेत, आप्पा.’’

‘‘सत्तेचाळीस हायेत. मागची लंगडती. मघाशी बी लंगडत व्हती.’’

निखिलने ते दृश्य काढलं. दुसऱ्या वेळी एका परदेशी संग्रहातून फार सुंदर तुकडा आला होता. सूर्य मावळतोय, धूळ उडतेय, कळप चाललाय. करारावर सह्यासुद्धा झाल्या होत्या. आप्पांनी शेपट्या बघितल्या. ‘‘ही आपल्याकडली न्हाईत.’’

निखिल वैतागला होता. ‘‘आप्पा, बघणाऱ्यांना काय कळणार आहे?’’

‘‘मेंढरांना कळंल,’’ आप्पा म्हणाले.

मॅडमनी तोही तुकडा काढला. निखिल दोन दिवस आप्पांशी बोलला नाही. आप्पांना ते कळलं नाही, कारण ते पडद्याकडे बघत होते.

माणसांकडे ते बघतच नसत. हे मी अतिशयोक्ती म्हणून सांगत नाही. शिरूरच्या आठवडी बाजाराचा एक तुकडा होता, बातम्यांसाठी काढलेला, पंधरा-वीस वर्षांपूर्वीचा. आप्पांनी तो तीनदा बघितला आणि सांगितलं, ‘‘त्यो म्होरला बोकड आजारी हाय.’’

मी म्हटलं, ‘‘आप्पा, त्या बोकडाच्या मागं उभे आहेत ते तुम्ही आहात.’’

त्यांनी पडद्याकडे बघितलं. ‘‘आसंल,’’ म्हणाले.

मी एकदा कारण विचारलं. ते म्हणाले, ‘‘मानूस कॅमेरा बघितला की पोट आत घेतो. मेंढरू न्हाई घेत.’’ माझ्या कामावर मी ऐकलेलं हे सर्वांत उपयोगी वाक्य आहे. जुन्या फुटेजमध्ये मुख्य माणूस सोडून मागं काय चाललंय ते बघायचं, हे मी त्यांच्याकडून शिकले. ते स्वतः मात्र मागचीही माणसं बघत नसत. त्याचा परिणाम पुढे सांगते.

गावात त्यांना मान होता तो ह्याच नजरेमुळे. पूर्वी कळप पाण्यावर एकत्र व्हायचे, मेंढरं एकमेकांत मिसळायची, मग भांडणं. तेव्हा बिराला बोलावत. बिरा सांगेल त्याची मेंढी. त्यावर कुणी पुढे बोलत नसे. मी विचारलं, ‘‘कधी चुकलात का, आप्पा?’’

‘‘न्हाई,’’ ते म्हणाले. मग डब्यातली भाकरी मोडता मोडता म्हणाले, ‘‘पन एक मेंढी लई म्हागात पडली.’’

ती गोष्ट त्यांनी मला स्टुडिओच्या जिन्यावर सांगितली. तेव्हा आप्पा पंचविशीत होते. त्यांची थोरली बहीण ठकू गावातच दिलेली होती. तिच्या नवऱ्याचं नाव म्हंकू. आप्पा त्यांना दाजी म्हणत. त्या काळी प्रत्येक वस्ती आपल्या कोकरांच्या कानाला खूण म्हणून छेद द्यायची. म्हंकूदाजींच्या वस्तीची खूण डाव्या कानाला, खालच्या वस्तीवरच्या लिंबाजीची उजव्या कानाला. एक दिवस दाजींच्या कळपात एक मेंढी सापडली, तिचे दोन्ही कान कापलेले. काळं तोंड आणि कपाळाच्या मधोमध रुपयाएवढा पांढरा ठिपका. लिंबाजी म्हणाला, मेंढी माझी, म्हंकूने चोरून डावा कान कापला. दाजी म्हणाले, मेंढी माझी, उजवा कान बाभळीच्या कुंपणात फाटला. दोघांनीही बिराला बोलावलं. दाजींनी मेव्हणा म्हणून आणि लिंबाजीने बिरा म्हणून.

‘‘मी दोनी कानांवर बोट फिरवलं,’’ आप्पा म्हणाले. ‘‘उजवा जुना वाटला. मी तसं सांगितलं.’’

मेंढी लिंबाजीकडे गेली. दंड नाही, मारहाण नाही. पण दाजी चोर ठरले. आठ दिवसांत त्यांनी मेंढरं विकली, ठकूला आणि मुलांना घेऊन दौंडला गेले आणि रेल्वेत गँगमन म्हणून लागले. ठकू परत कधी माहेरी आली नाही. पन्नास वर्षं. ती वारली तेव्हा आप्पा दौंडला गेले, लोकांच्या मागे उभे राहिले आणि परत आले. दाजी त्यांच्याशी बोलले नाहीत.

‘‘पण तुम्ही खरं तेच सांगितलं होतं ना?’’ मी म्हटलं.

‘‘व्हय,’’ आप्पा म्हणाले. ‘‘त्येवढ्यावरच जेवतोय.’’

यानंतर दोन महिन्यांनी ते रीळ आलं. मेंढ्यांच्या रोगांवरचा एक जुना माहितीपट होता. त्याचे न वापरलेले तुकडे पुण्यातल्या एका संग्राहकाकडे पडून होते. आम्ही ते स्कॅन करून घेतले. एका तुकड्यात सिमेंटच्या हौदावर तीन-चार कळप पाणी पीत होते. आवाज नाही, सगळी धूळ आणि पाठी. मग एक मेंढी कळपातून बाहेर येते, सरळ कॅमेऱ्यापाशी येते आणि भिंगाचा वास घेते. काळं तोंड, कपाळावर पांढरा ठिपका. अर्ध्या मिनिटाचा तुकडा. मॅडमना तो इतका आवडला की सिनेमाची सुरुवात त्यानेच करायची असं त्यांनी तिथंच ठरवलं.

आप्पांनी या वेळी मोजलं नाही. ‘‘थांबीव,’’ म्हणाले. मग ‘‘पुन्यांदा.’’ मग ‘‘पुन्यांदा.’’ निखिलने अकरा वेळा लावला. आप्पा घोंगडीवरून उठून पडद्यापाशी गेले आणि मेंढीच्या कानाजवळ बोट नेलं. काचेला लावलं नाही.

ती तीच मेंढी होती. भांडणाच्या आधीची. तिचा एकच कान कापलेला होता आणि तो डावा होता, म्हणजे म्हंकूदाजींची खूण.

‘‘आप्पा, काय लिहू?’’ मी विचारलं.

‘‘हाय,’’ ते म्हणाले. घोंगडी उचलली आणि चहा न घेता गेले.

पुढचे दोन आठवडे आले नाहीत. मी फोन केला तर त्यांच्या सुनेने, मंगलताईंनी उचलला. ‘‘आप्पांनी रैवारी बिरुबाच्या देवळात समद्यांना गोळा केलं,’’ त्या सांगू लागल्या. ‘‘म्हनलं, म्हंकूदाजी चोर नव्हता, मी चुकलो. आता लोकांना म्हंकूदाजी कोन त्येच ठावं न्हाई. पोरं इचारत्यात, कोन म्हंकू? मग आप्पांनी आधी त्येनला चोर कसं केलं ते समदं सांगितलं, आन् मग चोर न्हाई म्हनून सांगितलं. अर्धा दीस गेला बगा.’’

आठवड्याभरात गावात ज्याला त्याला आठवलं की म्हंकू चोर नाही असं आपलं आधीपासूनच मत होतं. आणि बिरा आप्पांची नजर म्हणजे नुसतीच हवा होती, असंही काही जण म्हणू लागले.

मग आप्पांचा फोन आला. ‘‘पोरी, त्ये यंत्र घिऊन दौंडला येतीस का? नुसतं तोंडानं सांगून भागायचं न्हाई.’’

मी सकाळी केडगावला उतरले. आप्पा आदल्या गाडीच्या वेळेपासून फलाटावर बसले होते. धुतलेला सदरा, नवा पटका. दौंडपर्यंत त्यांनी एकदाच विचारलं, ‘‘ब्याटरी हाय न्हवं?’’

दाजी त्यांच्या मुलाच्या घरी राहत होते, रेल्वेच्या वसाहतीपलीकडे. ओट्यावर प्लास्टिकच्या खुर्चीत बसले होते. पंच्याऐंशीच्या आसपासचे, आप्पांपेक्षा उंच, खांदे अजून रुंद.

‘‘कोन?’’

‘‘मी बिरा.’’

‘‘बस.’’

आप्पा बसले नाहीत. ‘‘दाजी, मी बसाया आलो न्हाई. मी चुकलो ते सांगाया आलोय. मेंढी तुमची व्हती.’’

दाजी त्यांच्याकडे बघत राहिले. ‘‘कोन म्हनतं?’’

‘‘मी म्हनतो. गावातबी सांगितलंय, देवळात. डोळ्यानं बघितली. ह्या पोरीच्या यंत्रात हाय.’’

मी स्टुलावर लॅपटॉप ठेवला. ऊन पडत होतं म्हणून आप्पांनी घोंगडीची सावली धरली. मी तुकडा लावला. हौद, धूळ, पाठी. मेंढी आली, वास घेतला, गेली. आप्पा पडद्याकडे न बघता दाजींच्या तोंडाकडे बघत होते.

‘‘परत लाव,’’ दाजी म्हणाले.

मी परत लावला.

‘‘ह्यो मागं बाभळीची फांदी तोडतोय,’’ दाजी म्हणाले, ‘‘त्यो मी हाय.’’

‘‘कुठं?’’ आप्पांनी विचारलं. अकरा वेळा बघून त्यांना तिथं माणूस दिसला नव्हता. मी बोटाने दाखवला. माझ्या तक्त्यात ‘एक मेंढपाळ फांदी तोडतो’ अशी नोंद होती.

दाजींनी तिसऱ्यांदा लावायला सांगितलं. आतून सूनबाईंनी पाणी आणून ठेवलं. ते कुणी प्यालं नाही.

‘‘बिरा,’’ दाजी म्हणाले, ‘‘ही फिल्लम उलटी हाय.’’

‘‘उलटी कशी? मेंढरं पायावर चालत्यात की.’’

‘‘तशी न्हाई. डाव्याचं उजवं झालंय. बघ, मी डाव्या हातानं कुऱ्हाड मारतोय. जल्मात मी डाव्या हातानं कुऱ्हाड धरली न्हाई.’’

हे बघणं माझं काम होतं. फिल्म पारदर्शक असते. स्कॅन करताना ती चुकीच्या बाजूने लागली तर चित्र आरशातल्यासारखं येतं, डावं उजवीकडे जातं. हे पकडण्यासाठी आम्ही पाटीवरची अक्षरं बघतो, सदऱ्याचा खिसा बघतो. त्या तुकड्यात पाटी नव्हती आणि सगळे उघड्या अंगाचे होते. मी मेंढी बघत बसले होते. आम्ही सगळेच मेंढी बघत होतो.

मी एक बटण दाबलं. चित्र सुलटं झालं. आता मागचा माणूस उजव्या हाताने कुऱ्हाड चालवत होता. मेंढी आली, वास घेतला. कापलेला कान उजवा होता. म्हणजे लिंबाजीची खूण.

दाजी गप्प बसले असते तर आम्हां दोघांनाही कधी कळलं नसतं. आप्पा माफी मागून उठले असते आणि दाजी उरलेलं आयुष्य निर्दोष म्हणून जगले असते. फक्त गप्प बसायचं होतं.

‘‘तुझं बराबर व्हतं,’’ दाजी म्हणाले. ‘‘पान्यावर मिसळून आली माझ्यात. चांगली मेंढी. परत धाडायची सोडून म्या डावा कान कापला.’’

आप्पांच्या हातात अजून घोंगडी धरलेली होती. ते म्हणाले, ‘‘मग ऱ्हाऊ द्याचं की, दाजी. मी म्हनत व्हतो न्हवं तुमची म्हनून.’’

‘‘लई बरं वाटलं आयकून. पन ती कुऱ्हाड डाव्या हातात बघवंना.’’

मग आप्पांनी विचारलं, ‘‘ठकीला म्हाईत व्हतं?’’

‘‘व्हय.’’

‘‘कवापासनं?’’

‘‘पैल्यापासनं. मी कितींदा म्हनलो, जा म्हायेरी. ती म्हनायची, बिरा खरं बोलला, आता कुठल्या तोंडानं जाऊ त्येच्या म्होरं.’’

‘‘म्हंजी रागावली नव्हती?’’

‘‘तुझ्यावर? न्हाई.’’

तेव्हा आप्पा बसले. ओट्याच्या कडेला बसले आणि घोंगडी मांडीवर घेतली. दाजींनी त्यांच्याकडे पाण्याचा तांब्या सरकवला. थोड्या वेळाने आत जेवायला बोलावलं. मेथीची भाजी, भाकरी आणि पिठलं होतं. जेवताना दाजी सुनेला म्हणाले, ‘‘ह्येला ठेचा वाढ. ह्येच्या भनीला लागायचा, तसा ह्येलाबी लागत आसंल.’’

परतीच्या गाडीत मी म्हटलं, ‘‘आप्पा, गावात सांगायला पाहिजे. तुम्ही बरोबर होता.’’

‘‘कुनाला सांगू? लिंबाजी मेला, ठकी मेली.’’

‘‘लोक तुमच्या नजरेबद्दल बोलताहेत.’’

‘‘गावात मेंढरं किती उरल्यात?’’

मला माहीत नव्हतं. ‘‘अकरा,’’ ते म्हणाले. ‘‘त्याला कसली नजर लागती?’’ मग केडगाव जवळ आलं तेव्हा म्हणाले, ‘‘दाजीला गाव बघायचंय एकदा. चोर म्हनून कसा यील त्यो?’’

मला ते पटलं नाही. माझं सगळं शिक्षण आणि पगार याच गोष्टीवर आहे की जे जसं आहे तसंच त्याच्यावर लिहिलं जावं. पण ती नोंद माझ्या तक्त्यातली नव्हती. मी मॅडमना एवढंच सांगितलं की तुकडा उलटा स्कॅन झालाय, सुलटा करायला हवा. निखिलने केला.

आप्पा मला शेवटचे दिसले ते सिनेमा गावात दाखवला त्या दिवशी. त्यानंतरच्या उन्हाळ्यात ते गेले. तेव्हा मी दुसऱ्या सिनेमाच्या कामासाठी लांब होते आणि बातमी मला पंधरा दिवसांनी कळली.

सिनेमा शाळेच्या हॉलमध्ये दुपारी दाखवला, खिडक्यांना ताडपत्र्या लावून. आप्पा जीप करून दाजींना घेऊन आले. पन्नास वर्षांनी दाजी त्या गावात उतरले होते. सरपंचांनी त्यांना नारळ दिला आणि पहिल्या रांगेत आप्पांशेजारी बसवलं. सिनेमा सुरू झाला. हौद, धूळ, पाठी. मेंढी पुढे आली.

‘‘आप्पा, हीच का ती?’’ मागून सोसायटीच्या चेअरमनने विचारलं. पस्तिशीचा माणूस, त्याने मेंढरं सांभाळलेली नव्हती.

‘‘हीच.’’

समोरून येणाऱ्या मेंढीचा उजवा कान बघणाऱ्याच्या डाव्या हाताला येतो. तरुण मंडळींना तो डावाच वाटला. ज्यांना फरक कळला असता त्या चार-दोन म्हाताऱ्यांना आता तेवढं दिसत नव्हतं.

‘‘डावाच हाय की सरळ सरळ,’’ चेअरमन म्हणाला. ‘‘म्हंजी तुमी चुकलाच व्हता.’’

दाजी खुर्चीतल्या खुर्चीत वळले. त्यांनी बोलायला तोंड उघडलं. आप्पांनी त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि दाबून धरला, कातरताना मेंढरू धरतात तसा.

‘‘व्हय,’’ आप्पा म्हणाले. ‘‘चुकलो व्हतो.’’

मी दोन वर्षांत त्यांच्या तोंडून खोटं ऐकलं ते एवढंच. दाजींनी तोंड मिटलं. दोघं शेवटपर्यंत पडद्याकडे बघत राहिले. आप्पांनी हात काढला नाही.

सिनेमा संपल्यावर शाळेच्या पटांगणात दाजींभोवती गर्दी झाली. प्रत्येकाला त्यांना आपल्या घरी चहाला न्यायचं होतं. कुणी त्यांना त्यांची जुनी वस्ती कुठं होती ते दाखवत होतं, आणि चुकीची जागा दाखवत होतं. मी निरोप घ्यायला आप्पांकडे गेले. ते पायरीवर एकटे बसले होते. मी पोचायच्या आत चेअरमन त्यांच्यासमोर जाऊन उभा राहिला.

‘‘आप्पा, काय हे. पन्नास वर्सं त्या देवमान्साला चोर करून ठिवलं तुमी.’’

आप्पांनी मान हलवली.

‘‘वाईट वाटत आसंल की आता.’’

‘‘जरा बाजूला सरक,’’ आप्पा म्हणाले. ‘‘दाजी दिसंना.’’